पाटी कोण लिहितं?

उंब्रजला तारळी कृष्णेला मिळते. सह्याद्रीच्या बाजूनं तारळे, पाल अशी गावं ओलांडत आलेलं पाणी इथं मोठ्या नदीत शिरतं आणि कराडच्या दिशेनं निघून जातं. पुणे-बेंगळुरू महामार्गावरच्या गाड्यांचा आवाज इथं कधी थांबत नाही, पण पाण्याजवळ गेलं की तो जरा मागं पडतो. आजचं मनन या काठावर बसून करू. इथं येणं शक्य नसेल तर आहात तिथंच बसा. पाठ टेकलीत तरी चालेल. हातातला फोन तेवढा पालथा घालून ठेवा. त्याच्याकडे शेवटी यायचं आहे.

डोळे मिटू नका. आपला विषयच बघण्याचा आहे. आपलं माणूस दुसऱ्या कुणाचं होईल या भीतीनं जीव पोखरून निघतो, तो प्रेमातला मत्सर. कादंबऱ्यांनी आणि नाटकांनी त्याच्याबद्दल पुष्कळ लिहून ठेवलं आहे. मला मात्र तो सगळ्यात स्पष्ट दिसला तो शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या मूकपटांत, दहा-पंधरा मिनिटांच्या छोट्या चित्रपटांत. तिथं बोलणं ऐकू येत नाही. फक्त दिसतं. आणि मत्सराला तेवढंच लागतं.

इथं बसण्याला आणखी एक कारण आहे. समर्थ रामदासांनी स्थापन केलेल्या अकरा मारुतींपैकी एक उंब्रजला आहे. चाफळ, मसूर, शहापूर, माजगाव ही त्यातली आणखी ठिकाणंही याच भागात. मनाला समोर बसवून त्याच्याशी बोलायची रीत मराठी घरांत रुजली ती मुख्यतः समर्थांमुळे. मनाचे श्लोक दोनशे पाच आहेत, आणि अगदी सुरुवातीलाच ते मनाला मत्सर सोडायची विनवणी करतात. मला त्या विनवणीचा सूर फार मोलाचा वाटतो. ते मनाला झिडकारत नाहीत. हट्टी पण आपल्याच असलेल्या कुणाशी बोलावं तसं बोलतात. आज आपणही तसंच बोलू.

एक प्रसंग आठवा. फार मोठा नको. ती कुणाशी तरी हसून बोलत होती आणि तुम्ही आलात तसं तिचं हसू थांबलं. किंवा तो फोन घेऊन गॅलरीत गेला आणि दार ओढून घेतलं. लग्नात, गावच्या जत्रेत, ऑफिसच्या जेवणात कुणीतरी कुणाच्या तरी खांद्यावर हात ठेवला. छातीत काहीतरी खाली गेलं, तो क्षण. तो तुमच्या डोळ्यांसमोर येऊ द्या. घाई नाही.

आता त्यातला आवाज आठवून बघा.

बहुतेकांना तो आठवत नाही. कारण तो ऐकूच आला नव्हता. आपण लांब होतो, दार मध्ये होतं, बाकीच्यांचा गलका होता. आपल्याला दिसली ती एक मूक हालचाल. तरीही त्या क्षणी ती दोघं काय बोलत होती ते आपल्याला पक्कं ठाऊक होतं. हे कुठून आलं, एवढा एकच प्रश्न घेऊन आपण बसलो आहोत.

1912 साली रशियात एक चित्रपट निघाला. लाडिस्लाव स्टारेविच नावाच्या माणसानं तो केला. हा मूळचा कीटकांचा अभ्यासक, कौनासच्या निसर्गविज्ञान संग्रहालयात काम केलेला. त्याला भुंगेऱ्यांची झुंज चित्रित करायची होती, पण तीव्र प्रकाशात ते कीटक निपचित पडत. मग त्यानं मेलेल्या कीटकांना तारा आणि मेण लावून, एकेका चित्रागणिक त्यांचे पाय हलवून त्यांना चालतं केलं. याच पद्धतीनं त्यानं पुढं ‘कॅमेरामनचा सूड’ हा जेमतेम तेरा मिनिटांचा चित्रपट केला. त्याचे असे चित्रपट पाहून कीटकांना खरोखर शिकवून तयार केलंय, असं त्या काळी काहींना वाटलं होतं.

गोष्ट अशी. एक संसारी भुंगेरा कामाच्या निमित्तानं सारखा शहरात जातो आणि तिथल्या नाचगाण्याच्या अड्ड्यावर एका नर्तकीच्या नादी लागतो. ती जातीनं चतुर. तिच्यावर एका नाकतोड्याचाही जीव आहे, आणि त्याचा धंदा आहे कॅमेऱ्याचा. भुंगेरा त्याला ढकलून नर्तकीला घेऊन जातो. नाकतोडा आपली तिपाई उचलतो, त्यांच्या मागं हॉटेलपर्यंत जातो आणि दाराच्या किल्लीच्या भोकाला कॅमेरा लावतो.

इथं थोडं थांबा. त्या नाकतोड्याकडे नीट बघा. त्याला आत जायचं नाही. नर्तकीशी बोलायचं नाही, तिला काय हवं ते विचारायचं नाही. त्याला बघायचं आहे, आणि जे बघून त्याचा जीव जळतो तेच पुन्हा पुन्हा बघता यावं म्हणून साठवून ठेवायचं आहे. किल्लीच्या भोकाला लावलेला तो कॅमेरा म्हणजे मत्सराचं मी पाहिलेलं सगळ्यात नेमकं चित्र आहे. माणसाच्या चेहऱ्यावर ते इतकं नेमकं उमटलं नसतं. चेहरा दया मागतो. कीटकाला चेहरा नाही, त्यामुळे आपल्याला निव्वळ कृती दिसते.

पुढं भुंगेरा घरी येतो तर बायकोकडे एक चित्रकार आलेला, त्यानं तिचं चित्र काढलेलं. चित्रकार धुरांड्यातून पळतो. भुंगेरा संतापून ते चित्र बायकोच्या डोक्यावर फोडतो, चित्रकाराला बडवतो. स्वतः कालपर्यंत हॉटेलात होता, हे त्याच्या मनातही येत नाही. नंतर मोठ्या उदारपणे तो बायकोला क्षमा करतो आणि तिला सिनेमाला घेऊन जातो. तिथं यंत्र चालवायला बसलेला असतो तोच नाकतोडा. पडद्यावर हॉटेलातला प्रसंग येतो. बायको छत्री उचलते, नवरा पडदा फाडून पळतो, यंत्राला आग लागते, आणि शेवटी नवरा-बायको दोघं तुरुंगात एकमेकांशेजारी बसलेले दिसतात.

या गोष्टीत सगळ्यांचा संशय खरा आहे, हे मला महत्त्वाचं वाटतं. मत्सर नेहमी खोट्यावरच उभा असतो असं म्हणून मनाची समजूत घालता येत नाही. कधीकधी दिसतं ते खरंच असतं. तरी त्या खऱ्याचं नाकतोड्यानं काय केलं ते बघा. त्याला नर्तकी मिळाली नाही, मनाला शांतता मिळाली नाही. त्याला हवा होता प्रेक्षकांनी भरलेला खेळ.

आता या काठावरून पाण्याबरोबर खाली या. कराडला कोयना मिळते, मग बहे-बोरगाव, मग सांगली, आणि सांगलीला लागून हरिपूर. तिथं वारणा कृष्णेत येते. त्या हरिपुरात 1855 साली गोविंद बल्लाळ देवल जन्मले. मराठीत प्रेमातल्या संशयाची दोन्ही रूपं त्यांनी आणली. एक ‘झुंझारराव’, शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’वरून केलेलं, जिथं संशय बायकोचा जीव घेतो. दुसरं ‘संशयकल्लोळ’, जे आपण हसत हसत पाहतो. ते आधी ‘फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा’ या नावानं गद्यात आलं होतं. मूळ गोष्ट परदेशातली, मोलिएरपर्यंत मागं जाणारी. देवलांनी मात्र ती अशी बेमालूम आपली केली की फाल्गुनराव आपल्याच आळीतला वाटतो.

घोटाळा कशानं होतो ते आठवा. रस्त्यात रेवतीला घेरी येते, फाल्गुनराव तिला सावरायला धावतो. त्याची बायको कृत्तिका हे वरून, खिडकीतून बघते. ती धावत खाली येते तोवर रेवती गेलेली, आणि तिच्या हातून पडलेली अश्विनशेटची तसबीर रस्त्यात. कृत्तिका ती उचलून बघते. तिला ती बघताना फाल्गुनराव बघतो. झालं. दोघांनाही जे दिसलं ते खरंच घडलं होतं. नवऱ्यानं परस्त्रीला धरलं होतं, बायकोच्या हातात परपुरुषाचं चित्र होतं. खिडकीतून शब्द ऐकू आले नाहीत, आणि तसबीर तर बोलतच नाही. मूकपट यायच्या आधीच, भर संगीत नाटकाच्या काळात, देवलांनी मूकपटाचं मर्म ओळखलं होतं असं मला वाटतं.

मूकपटात दोन दृश्यांच्या मध्ये मजकुराची पाटी येई. काळ्या पार्श्वभूमीवर पांढरी अक्षरं. कोण काय बोललं, मध्ये किती काळ गेला, ते त्यावर असे. आपल्याकडे वाचता न येणारे प्रेक्षक पुष्कळ, म्हणून कुणीतरी ती मोठ्यानं वाचून दाखवी. म्हणजे ओठ हलत नटाचे, शब्द असत पाटी लिहिणाऱ्याचे, आणि प्रेक्षकाच्या मनात दोन्ही मिळून एकच होऊन जाई. पुढं रशियात लेव्ह कुलेशोवनं आणखी एक गोष्ट दाखवली. एकाच नटाचा तोच निर्विकार चेहरा कधी सूपच्या थाळीनंतर दाखवायचा, कधी शवपेटीनंतर. प्रेक्षकांना त्यात कधी भूक दिसली, कधी शोक. चेहरा बदलला नव्हता. भाव प्रेक्षकांनी आपल्याजवळचे घातले होते.

तुमच्या त्या प्रसंगाकडे परत या. तिचं थांबलेलं हसू. ओढून घेतलेलं दार. त्याच्यामागोमाग एक पाटी आली होती. ‘आता मी नकोसा झालोय.’ ‘हिचं आधीपासून चाललंय.’ ‘सगळ्यांना माहीत आहे, फक्त मला नाही.’ तुमची जी असेल ती मनात वाचा. हळू वाचा, अक्षर न् अक्षर.

आता बघा, हे हस्ताक्षर कुणाचं आहे.

ते तिचं नाही, त्याचंही नाही. बरेचदा ते फार जुनं असतं. कुणाच्या वडिलांचं असतं, कुणाच्या शाळेतलं, कुणाला पहिल्यांदा सोडून गेलेल्या माणसाच्या वेळचं. प्रसंग नवा असतो, पाटी आधीच लिहून तयार असते, आणि मिळेल त्या दृश्यामागं ती लागते. मनाला इतकंच म्हणा: दृश्य राहू दे, पाटी क्षणभर खाली ठेव. फेकून देऊ नको. खोटी आहे असंही म्हणू नको. नुसती खाली ठेव. मग उरेल ते फार थोडं असेल. एक हसू थांबलं. एक दार लागलं. एवढंच पाहिलं होतं. याच्यासोबत दहा श्वास बसा. अस्वस्थ वाटेल, कारण न कळणं सोसायला अवघड असतं. मला वाटतं, मत्सर आपल्याला इतका जवळचा वाटतो तो यामुळेच. तो न कळण्यातून सोडवतो. निदान वाईट तरी नक्की आहे, असा दिलासा देतो.

पाटी खाली ठेवल्यावर त्याखाली काय सापडतं, ते दिग्दर्शक ग्रिफिथच्या 1913 सालच्या ‘द मदरिंग हार्ट’ या मूकपटात अभिनेत्री लिलियन गिशनं दाखवलं आहे. नवरा दुसरीच्या मागं गेलेला, बायको आईकडे परतलेली, आणि तिचं तान्हं मूल जातं. ती बागेत येते. चेहरा जवळजवळ कोरा. मग एक काठी उचलते आणि फुललेल्या गुलाबाच्या झाडांना झोडपत सुटते. तिच्या हातात मत्सर आहे, राग आहे, पण बघणाऱ्याला कळतं की हे सगळं रडणं आहे. गिश तेव्हा विशीतही नव्हती. तुमच्या रागाखाली असं काही आहे का ते बघा. असेल तर त्याच्याजवळ थोडं बसा. ते कुणाच्या चुकीचा पुरावा मागत नाही.

उंब्रजपासून जवळच, तारळीच्याच काठी, पाल आहे. पौषात तिथं खंडोबा आणि म्हाळसेचं लग्न लागतं, लाखो माणसं येतात, सगळी वाट भंडाऱ्यानं पिवळी होते. या देवाच्या घरातला मत्सर साऱ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. सारीपाटात म्हाळसेशी हरून देव बारा वर्षं घराबाहेर गेला, चंदनपुरीत बाणाईच्या वाड्यावर मेंढरं राखली आणि बाणाईला घेऊन परतला. मग दोघींची जी जुंपली ती वाघ्या-मुरळी आजही जागरणात गातात. म्हाळसा बोलते, बाणाई उलट बोलते, जातीवरून, रूपावरून, हक्कावरून. देव मध्ये सापडतो. रात्र सरते.

मला हे लोकांचं मोठं शहाणपण वाटतं. सवतीचा मत्सर त्यांनी देवाच्या घरीसुद्धा झाकला नाही. त्याला तोंड दिलं, ताल दिला, चारचौघांत उभं केलं. जागरणातली म्हाळसा किल्लीच्या भोकातून बघत नाही. ती समोर येऊन विचारते. म्हणून तिचा मत्सर कितीही पेटला तरी त्यातून कुणाचा खून होत नाही.

विचारावं, म्हणजे सगळं मिटेल, असंही नाही. इथं कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांचा ‘सैरंध्री’ आठवतो. तानीबाई कागलकरांनी पैसा उभा केला, बाबूरावांनी कॅमेरा स्वतः घडवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली आणि 1920 साली पुण्याच्या आर्यन थिएटरात हा चित्रपट लागला. कीचकवधाचा प्रसंग इतका अंगावर येणारा झाला होता की तो पुढं कापावा लागला. खाडिलकरांच्या ‘कीचकवध’ नाटकावर इंग्रज सरकारनं त्याच्या दहा वर्षं आधीच बंदी घातली होती, त्यामुळे लोकांच्या मनात कीचक आधीपासूनच होता.

पडदा बाजूला ठेवून महाभारतातली मूळ कथा घ्या. द्रौपदी सैरंध्री होऊन काम मागायला येते तेव्हा राणी सुदेष्णेला भीती वाटते, हिला पाहून राजाचं मन फिरलं तर? मत्सराचा हा अगदी पहिला अंकुर. सुदेष्णा तो मनात वाढवत बसत नाही. सैरंध्रीच्या तोंडावर बोलून दाखवते. सैरंध्री आपली बाजू सांगते. राणीचं समाधान होतं आणि ती तिला ठेवून घेते. या दोन बायकांमधलं हे बोलणं फारसं कुणाच्या लक्षात राहत नाही. मला ते साऱ्या विराटपर्वातलं एक शहाणं संभाषण वाटतं. नंतर त्याच सुदेष्णेनं भावाच्या, कीचकाच्या हट्टापायी सैरंध्रीला मद्य आणायच्या निमित्तानं त्याच्या घरी धाडलं, हे विसरता येत नाही. आणि कीचक? त्याला तर उत्तर स्वच्छ मिळालं होतं. ती नाही म्हणाली. एकदा नव्हे, अनेकदा. त्यानं ते ऐकलं नाही, कारण तिचा नकार जिथं ऐकू येतो तिथं तो उभाच नव्हता. तो आपली पाटी वाचत होता.

तर मनाला दोन गोष्टी सांगायच्या. विचार. आणि आलेलं उत्तर ऐक, ते नको असलेलं असलं तरी. ‘नाही’ असेल तर नाही. ‘माझं मन दुसरीकडे आहे’ असेल तर तेही. त्यानं फार दुखेल. पण ते दुःख खऱ्या माणसाबद्दलचं असेल, आपणच रंगवलेल्या पडद्याबद्दलचं नसेल, आणि त्यातून माणूस कधीतरी बाहेर येतो.

आता पालथा घातलेला फोन. उचलू नका, नुसता बघा. ‘शेवटचं कधी पाहिलं’, दोन निळ्या खुणा, कुणाच्या फोटोला दिलेलं बदाम, रात्री बारा वाजता हिरवा दिसणारा ठिपका. सगळी मूक चित्रं. शंभर वर्षांपूर्वी नाकतोड्याला तिपाई घेऊन हॉटेलापर्यंत जावं लागलं होतं. आज किल्लीचं भोक प्रत्येकाच्या खिशात आहे. बायकोचा फोन रोज तपासणारा नवरा, नवऱ्याचं ठिकाण दर तासाला नकाशावर पाहणारी बायको, मैत्रिणीकडे पासवर्ड मागणारा कॉलेजातला मुलगा, यांना आपण प्रेम करतोय असं खरोखर वाटतं. प्रेम असेलही. पण तपासणं हे प्रेमाचं काम नाही. तपासून कुणाचा संशय फिटलेला मी पाहिला नाही. काही सापडलं नाही तर ‘पुसून टाकलं असेल’ ही पाटी तयारच असते.

एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. काही वेळा हा मत्सर मननाच्या आवाक्याबाहेरचा असतो. कोणताही पुरावा, कोणतंही उत्तर पटत नाही आणि जोडीदार फसवतोय ही खात्री दिवसरात्र डोक्यातून जात नाही, अशा अवस्थेला टॉड आणि ड्यूहर्स्ट या डॉक्टरांनी 1955 साली ऑथेल्लोचंच नाव दिलं. दारूच्या व्यसनात ती पुष्कळदा दिसते. तो आजार आहे, त्यावर उपचार आहेत. ‘स्वभावच संशयी आहे’ म्हणून घरच्यांनी ते सोसत राहू नये.

तुम्ही संशय घेणारे असाल तर आजच्या दिवसात एक प्रश्न विचारा. आरोपाशिवाय, पुरावा पुढं न करता, समोर बसून. ‘काल तू गप्प झालीस तेव्हा मला भीती वाटली, काय झालं होतं?’ एवढाच. आणि उत्तर पूर्ण होईपर्यंत मध्ये बोलू नका. मनाला सांभाळणं जड जात असेल तर टेलि-मानसचा 14416 हा क्रमांक आहे, तिथं मराठीतही बोलता येतं.

आणि तुम्ही संशयाच्या दुसऱ्या टोकाला असाल, तुमचा फोन हिसकावला जात असेल, घराबाहेर पडणं बंद झालं असेल, अंगावर हात पडत असेल, तर हे मनन तुमच्यासाठी नाही. तुम्हाला समजून घ्यायचं काम उरलेलं नाही. महिला हेल्पलाइन 181, आणि जिवाला धोका असेल तर 112. आजच फोन करा.